‘डी’ म्हणजे दुसरी भेट नव्हे: तुटलेल्या हाताच्या उपचारांचं कोडिंग

ट्रॅक्टरच्या मागे फिरणारा तो दांडा आपल्याकडच्या शेतकऱ्यांच्या चांगल्या ओळखीचा आहे. रोटाव्हेटर, मळणी यंत्र, फवारणीचा ब्लोअर सगळं त्याच्यावर चालतं आणि गावोगाव त्याला पीटीओच म्हणतात. मिनिटाला ५४० फेरे, म्हणजे सेकंदाला ९. बाहीचं टोक त्यात गुरफटलं तर हात मागे घ्यायलाही वेळ मिळत नाही. अमेरिकेतल्या आयोवा राज्यात मक्याच्या काढणीच्या दिवसांत असा एक अपघात झाला, असं समजू. शेतकऱ्याचा उजवा हात कोपर आणि मनगट यांच्या मधोमध तुटला. हा माणूस मी समजावण्यापुरता कल्पिलेला आहे. पण अशा माणसांचे चार्ट, म्हणजे उपचारांच्या नोंदींच्या फाइली, पुण्यातल्या, नवी मुंबईतल्या, नागपुरातल्या कोडरांच्या स्क्रीनवर खरोखर येत असतात.

बी.एस्सी., बी.फार्म., फिजिओथेरपी, होमिओपॅथी शिकलेली आपली कितीतरी मुलंमुली हे काम करतात. घरच्यांना ‘कोडिंग’ म्हटलं की सॉफ्टवेअर वाटतं, म्हणून आधी एवढंच सांगते: डॉक्टरांनी, नर्सने, थेरपिस्टने लिहिलेल्या नोंदी वाचायच्या आणि त्यातला आजार, इजा, उपचार ठरलेल्या सांकेतिक क्रमांकांत मांडायचे, म्हणजे मेडिकल कोडिंग. अमेरिकेत विमा कंपनी पैसे देताना आधी हे क्रमांक पाहते. रुग्णाला काय झालं, याबद्दल तिला प्रथम समजतं ते त्यांतूनच. क्रमांक चुकला तर क्लेम परत येतो, आणि काही वेळा बिल थेट त्या माणसाच्या दारात जातं, ज्याने नुकताच हात गमावलेला असतो. त्यामुळे हे काम मी टेबलावरचं कारकुनी काम मानत नाही.

हात तुटल्याच्या चार्टमध्ये सगळ्यात जास्त चुका होतात त्या नंतरच्या उपचारांत. अपघाताच्या दिवशीचा कोड शोधणं तुलनेने सोपं असतं. टाके काढणं, ड्रेसिंग, व्यायाम, कृत्रिम हात, महिनोन्‌महिने पाठ न सोडणारं दुखणं असं पुढचं सगळं आलं की नवीन कोडर गोंधळतो. या गोंधळाचं मूळ एका अक्षरात आहे.

अमेरिकेत आजार आणि इजांसाठी आयसीडी-१०-सीएम ही कोडपद्धती १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू आहे. आपल्या शेतकऱ्याचा कोड तिच्यात असा दिसतो: एस५८.१११डी. चार्टवर तो रोमन अक्षरांत असतो, इथे देवनागरीत लिहिते. आता तो उलगडू. ‘एस५८’ म्हणजे कोपर किंवा कोपराखालचा हात अपघातात तुटणं. हात कोपराच्या वर तुटला तर एस४८, मनगट किंवा पंजा तुटला तर एस६८. बिंदूनंतरचा पहिला १ सांगतो की तुटलं ते कोपर आणि मनगट यांच्या मध्ये. नेमकं कोपरातच तुटलं असतं तर तिथे ० आला असता. दुसरा १ म्हणजे हात पूर्ण वेगळा झाला. थोडी कातडी, एखादा स्नायू धरून राहिला असता तर २. तिसरा १ म्हणजे उजवा हात, २ म्हणजे डावा. आणि शेवटी, सातव्या जागी, ‘डी’.

यात एक नियम लक्षात ठेवण्यासारखा आहे. हात पूर्ण तुटला की अर्धवट, हे डॉक्टरांनी लिहिलंच नसेल तर कोड पूर्ण तुटल्याचा द्यायचा, असं कोडच्या पुस्तकातच छापलेलं आहे. उजव्याडाव्याबाबत मात्र अशी सवलत नाही. तिथे ‘बाजू नमूद नाही’ असं सांगणारा ९ उपलब्ध असतो आणि घाईत बरेच जण तो वापरून मोकळे होतात. माझ्या मते हात तुटलेल्या माणसाच्या चार्टमध्ये हा ९ कधी दिसूच नये. डॉक्टरांच्या एका नोंदीत बाजू नसेल, पण शस्त्रक्रियेच्या टिपणात असते, एक्स-रेच्या अहवालात असते, थेरपिस्टच्या नोंदीत असते. शोधायला दोन मिनिटं लागतात. एका ठिकाणी उजवा आणि दुसऱ्या ठिकाणी डावा लिहिलेला आढळला तर अंदाज बांधायचा नाही. डॉक्टरांना लेखी विचारायचं, ज्याला आम्ही क्वेरी टाकणं म्हणतो.

जुन्या पद्धतीत, म्हणजे आयसीडी-९-सीएममध्ये, याच इजेला ८८७.० हा एकच आकडा होता: एका बाजूचा हात, कोपराखाली, गुंतागुंतीशिवाय. उजवा की डावा, पूर्ण की अर्धवट, उपचार कुठवर आलेत, यातलं त्या आकड्यातून काहीही कळत नसे. आज या कोडची लांबी पाहून नवीन मुलं कंटाळतात, तेव्हा मी त्यांना आधी हा जुना आकडा दाखवते.

आता ते शेवटचं अक्षर. इथे तीनच पर्याय आहेत: ए, डी आणि एस. पुस्तकात ‘ए’च्या पुढे ‘इनिशियल एन्काउंटर’ लिहिलंय, म्हणजे पहिली भेट. ‘डी’च्या पुढे ‘सबसिक्वेंट’, म्हणजे नंतरची. ही नावंच फसवी आहेत. ती वाचून कोणालाही वाटेल की पहिल्यांदा डॉक्टरकडे गेला तेव्हा ए, दुसऱ्यांदा गेला की डी. पहिल्या वर्षी मीही तेच केलं होतं आणि ऑडिटमध्ये माझे चार्ट लाल होऊन परत आले होते.

खरं पाहता हे अक्षर भेटी मोजत नाही. उपचार कोणत्या टप्प्यावर आहे, ते सांगतं. त्या इजेवर अजून प्रत्यक्ष इलाज चालू आहे का? असेल तर ए. इलाज झाला, आता जखम भरण्याच्या काळातली नेहमीची देखभाल चालू आहे का? मग डी.

आपल्या शेतकऱ्याचंच बघा. त्याला आधी गावाजवळच्या छोट्या रुग्णालयात नेलं. तिथे रक्तस्राव थांबवला, वेदनाशामक दिलं आणि हेलिकॉप्टरने मोठ्या ट्रॉमा सेंटरला पाठवलं. दोन्ही ठिकाणी ए. दुसरं रुग्णालय, दुसरे डॉक्टर, कदाचित तारीखही दुसरी, तरीही ए, कारण हाताचा मूळ इलाज अजून चालूच आहे. ट्रॉमा सेंटरमध्ये सर्जनने जखम साफ केली, मेलेली कातडी आणि स्नायू काढले, पण जखम लगेच बंद केली नाही. यंत्रातल्या मातीने, तेलाने माखलेली जखम घाईने शिवली तर आत पू होऊ शकतो. चार दिवसांनी पुन्हा ऑपरेशन थिएटरमध्ये नेऊन हाडाचं टोक नीट केलं, स्नायूंची गादी वर ओढून कातडी शिवली. हे दुसरं ऑपरेशनही ए. ठरलेला इलाजच दोन टप्प्यांत झाला.

आता उलट उदाहरण. महिनाभराने तो आपल्या गावातल्या ऑक्युपेशनल थेरपिस्टकडे पहिल्यांदा गेला. या थेरपिस्टने त्याला आधी कधीच पाहिलेलं नाही. नवीन रुग्ण, नवीन फाइल, अक्षरशः पहिली भेट. तरीही कोड एस५८.१११डी. जखम भरण्याच्या काळातली ही देखभाल आहे. हे उदाहरण एकदा नीट डोक्यात बसलं की निम्मी अडचण सुटते.

टाके काढायला सर्जनकडे गेला, डी. घरी येऊन नर्सने ड्रेसिंग बदललं, डी. खांदा आणि कोपर आखडू नयेत म्हणून व्यायाम, उरलेल्या भागाला आकार यावा म्हणून घट्ट पट्टी बांधायला शिकवणं, डाव्या हाताने लिहायची सवय लावणं, सगळं डी. सर्जनकडच्या भेटींत पैशांची एक वेगळी गोष्ट असते. मोठ्या शस्त्रक्रियेच्या फीमध्ये पुढच्या ९० दिवसांच्या नेहमीच्या भेटी धरलेल्याच असतात. त्यामुळे टाके काढण्याचं वेगळं बिल लागत नाही. फक्त ९९०२४ हा शून्य रकमेचा क्रमांक नोंदवायचा, म्हणजे भेट झाली याची खूण राहते. त्या भेटीलाही निदान म्हणून एस५८.१११डी लागतोच.

एवढं कळल्यावरही अनुभवी कोडर एका ठिकाणी ठेचकाळतात. देखभालीसाठी पुस्तकात ‘झेड’ने सुरू होणारे वेगळे कोड आहेत. त्यातला झेड४७.८१ तर वाचायला अगदी आपल्या रुग्णासाठीच केल्यासारखा वाटतो: अवयव कापण्याच्या शस्त्रक्रियेनंतरची देखभाल. पण तो कोड आहे डॉक्टरांनी आजारामुळे अवयव काढावा लागला त्यांच्यासाठी, उदाहरणार्थ मधुमेहात पाय सडला, रक्तपुरवठा बंद झाला, हाडात गाठ निघाली. अपघातात तुटलेल्या अवयवाला देखभालीचे झेड कोड लावायचे नाहीत, असं गाइडलाइनमध्ये स्पष्ट आहे. इजेचाच कोड कायम ठेवायचा आणि शेवटचं अक्षर डी करायचं. ही चूक का होते, याचा मी बराच विचार केला. जुन्या पद्धतीत इजेनंतरच्या देखभालीसाठी ‘व्ही’चे वेगळे कोड होते. जुन्या पिढीने तीच सवय पुढे आणली आणि शिकवताना नव्यांनाही दिली. नवीन पद्धतीतला विचार वेगळा आहे. इजा झाली तेव्हापासून ती बरी होईपर्यंत एकच कोड त्या माणसाबरोबर चालतो, फक्त शेवटचं अक्षर बदलतं. ‘याला काय झालं होतं?’ हे कोणत्याही टप्प्यावर पुसलं जात नाही. मला ही रचना फार शहाणपणाची वाटते.

याच कारणाने, एस५८.१११डी लावलेला असताना सोबत ‘हात नाही’ असं सांगणारा झेड८९.२११ जोडायची गरज नसते. मुख्य कोडच जे सांगतो ते स्थितीदर्शक झेड कोडने पुन्हा सांगायचं नाही, असा नियम आहे.

देखभाल नेहमी सुरळीत चालते असंही नाही. समजा तिसऱ्या आठवड्यात टाक्यांच्या बाजूने लाली चढली, पू आला. मग ही साधी देखभाल राहिली नाही. उजव्या वरच्या अवयवाच्या उरलेल्या भागातला संसर्ग, टी८७.४१. कल्चरमध्ये, म्हणजे जंतू वाढवून ओळखण्याच्या तपासणीत, जंतू सापडला असेल तर त्याचाही स्वतंत्र कोड जोडायचा. टाके उसवून जखम उघडली तर टी८७.८१. नस जिथे कापली गेली तिथे तिच्या टोकाला गाठ झाली, जिला न्यूरोमा म्हणतात, तर टी८७.३१. या टी८७च्या कोडना ए, डी, एस यांपैकी काही लागत नाही, आणि सॉफ्टवेअरमध्ये सातवं अक्षर टाकायला गेलात तर कोड बाद होतो. मात्र एक पथ्य आहे. लाली दिसली म्हणून कोडरने आपल्या मनाने ‘संसर्ग’ ठरवायचा नाही. डॉक्टरांनी तसं लिहिलेलं हवं.

तुटलेला हात परत जोडला तर? १९६२ साली बोस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमध्ये १२ वर्षांच्या एका मुलाचा तुटलेला हात डॉक्टरांनी परत जोडला आणि तेव्हापासून हा विचार शक्यतेच्या कोटीत आला. कोडिंगच्या दृष्टीने हात जोडला तरी इजा तीच राहते: एस५८, इलाज चालू असेतोवर ए आणि मग डी. बदलतं ते पुढचं. जोडलेल्या हाताला त्रास झाला तर टी८७.०एक्स१. ‘हात नाही’चा झेड८९ या माणसाला कधीच लागणार नाही. हे मुद्दाम सांगते, कारण ‘अँप्युटेशन’, म्हणजे अवयव तुटणं किंवा कापणं, हा शब्द दिसला की झेड८९ टाकणारे चार्ट मी पाहिले आहेत. हात असलेल्या माणसाच्या कायमच्या नोंदीत हात नाही असं लिहिलं जातं आणि ते पुढे वर्षानुवर्षं निस्तरावं लागतं.

आता तिसरं अक्षर, ‘एस’. जखम पूर्ण भरली. पण रात्री त्याला नसलेल्या पंजाची बोटं आवळल्यासारखी दुखतात, नखं तळव्यात रुतल्यासारखी वाटतात. अमेरिकन यादवी युद्धातल्या जखमी सैनिकांवर उपचार करणाऱ्या सायलस वेअर मिचेल या डॉक्टरने १८७१ साली या अवस्थेला ‘फँटम लिंब’ हे नाव दिलं. हातावरून येणाऱ्या संदेशांसाठी राखलेली मेंदूतली जागा हात गेल्यावरही गप्प बसत नाही. १९९०च्या दशकात व्ही. एस. रामचंद्रन या भारतीय वंशाच्या शास्त्रज्ञाने यावर साध्या आरशाचा उपाय पुढे आणला. शाबूत हाताचं प्रतिबिंब नसलेल्या हाताच्या जागी दिसेल असा आरसा ठेवायचा, शाबूत मूठ उघडायची, आणि काही रुग्णांना आवळलेली ‘ती’ मूठही सुटल्यासारखी वाटते. हे दुखणं वेडाचं किंवा मनाचा खेळ नाही, आणि कोडपुस्तकातही त्याची जागा मज्जासंस्थेच्या आजारांत आहे: वेदनेसह असेल तर जी५४.६, वेदनेशिवाय नुसती जाणीव असेल तर जी५४.७.

जुन्या इजेने मागे ठेवलेला परिणाम सांगायला दोन कोड लागतात आणि त्यांचा क्रम महत्त्वाचा आहे. आज ज्या त्रासासाठी रुग्ण आलाय तो पहिला, जी५४.६. तो ज्या इजेमुळे झाला ती दुसरी, एस५८.१११एस. ‘एस’ इजेच्या कोडलाच चिकटतो, त्रासाच्या कोडला नाही. किती काळानंतर एस लावता येतो याला मर्यादा नाही. सहा महिन्यांनी येईल, वीस वर्षांनीही येईल. प्रश्न इतकाच, की इजेचा मूळ टप्पा संपलाय का आणि आजचा त्रास तिच्यातूनच आलाय का. म्हणूनच एका हाताला एकाच भेटीत ए आणि एस दोन्ही लावलेले दिसले तर तो चार्ट पुन्हा वाचावा.

अपघात कसा झाला, याचे कोड मी मुद्दाम मागे ठेवले होते. त्यांना पैशाच्या दृष्टीने फारशी किंमत नाही. ते सगळीकडे सक्तीचेही नाहीत, त्यामुळे घाईत तेच सर्वांत आधी गळतात. आपल्या शेतकऱ्यासाठी तो आहे डब्ल्यू३०.१एक्सएक्सए: शेतीच्या यंत्राच्या पीटीओशी संपर्क. मधले दोन ‘एक्स’ फक्त जागा भरायला आहेत, म्हणजे शेवटचं अक्षर सातव्या घरात पडतं. पुढच्या भेटींत तोच कोड डब्ल्यू३०.१एक्सएक्सडी होऊन इजेसोबत चालत राहतो. शेतातली जागा सांगणारा वाय९२.७३ आणि कामाचा मोबदला मिळत होता का ते सांगणारा वाय९९.० मात्र फक्त पहिल्याच वेळी, एकदाच. आणि यातला कोणताही कोड यादीत पहिल्या क्रमांकावर टाकायचा नाही. पीटीओवर संरक्षक कव्हर नसल्याने किती हात गेले, हे कोणाला मोजायचं असेल तर रुग्णालयाच्या नोंदींत तो आकडा याच कोडमधून निघतो. आमच्या गावाकडे कडबा कुट्टीत बोटं, पंजे गेलेली माणसं मी लहानपणापासून बघत आले. त्यांच्या नोंदी कुठे आणि कशा झाल्या असतील, हा विचार डब्ल्यू३० टाइप करताना हटकून येतो. म्हणून हा कोड मी कधीच गाळत नाही.

आपल्या देशातली रुग्णालयं जेव्हा आयसीडी वापरतात तेव्हा ती जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० असते, अमेरिकेने वाढवलेली नव्हे. तिच्यात हीच इजा नुसती एस५८.१ आहे. उजवंडावं नाही, ए-डी-एस नाही. जुन्या इजेच्या परिणामांसाठी टी९२.६ हा वेगळाच कोड आहे. म्हणून इथल्या एखाद्या रुग्णाच्या कागदावर शेवटचं अक्षर दिसलं नाही तर ती चूक समजू नका.

शेवटचा टप्पा कृत्रिम हाताचा. उरलेल्या भागाची सूज उतरली, आकार स्थिरावला की साचा घेऊन सॉकेट, म्हणजे उरलेला हात ज्यात बसतो ती खोबण, बनवतात. टोकाला कधी विजेवर चालणारा पंजा असतो, तर कधी खांद्याच्या हालचालीने उघडणारा दुहेरी आकडा, म्हणजे हूक. त्या आकड्याचं पेटंट स्वतः हात गमावलेल्या डेव्हिड डोरन्स यांनी १९१२ मध्ये घेतलं होतं आणि शेतात काम करणारे बरेच जण आजही तोच पसंत करतात, कारण तो माती-पाण्यात टिकतो. जखम भरून गेलेली असते आणि माणूस फक्त हात बसवायला, त्याची मापं दुरुस्त करायला आलेला असतो. अशा भेटीला झेड४४.०२१ येतो, आणि सोबत झेड८९.२११. आता झेड८९ला खरी जागा मिळते, कारण एस५८ बाजूला झालेला असतो. वस्तूसाठी वेगळे ‘एल’चे क्रमांक असतात, जसा साच्यातल्या सॉकेटसह कोपराखालच्या हातासाठी एल६१००. इथे बाजू जुळली नाही, म्हणजे निदानात उजवा आणि हाताच्या ऑर्डरवर डावा असं झालं, तर मंजुरी अडकते. तो माणूस तोवर एका हाताने गुरांना चारा घालत बसतो.

दहा वर्षांनी तोच शेतकरी खोकला-तापासाठी गावातल्या डॉक्टरकडे जाईल. त्या दिवशीच्या नोंदीत पहिला कोड छातीच्या आजाराचा असेल. एस५८ नसेल, डब्ल्यू३० नसेल. खाली शेवटच्या ओळीत झेड८९.२११ असेल, म्हणजे रक्तदाब डाव्या हाताचा घ्यायचा हे नर्सला खोलीत शिरण्याआधीच कळेल.